सावल्यांना घर हवं

धुऊन वाळलेल्या साडीची घडी घालायला दोघी लागतात. एकीनं एका बाजूचे काठ धरायचे, दुसरीनं पदराकडचे. दोघींनी ताणून सुरकुत्या काढायच्या आणि काठाला काठ जुळवत एकमेकींच्या दिशेनं चालत यायचं. हाताला हात लागला की घडी झाली. हे आपल्या घराघरांत रोज घडतं आणि त्याकडे कुणी मुद्दाम पाहत नाही.

नलिनी मालानी यांच्या ‘रिमेंबरिंग टोबा टेक सिंग’ या व्हिडिओ मांडणीत दोन स्त्रिया हेच करू पाहतात. एक स्त्री एका भिंतीवर आहे, दुसरी समोरच्या. मध्ये सगळ्या खोलीचं अंतर आहे आणि त्या अंतरात अणुस्फोटाची दृश्यं उसळत राहतात. जमिनीवर पत्र्याच्या ट्रंका उघड्या पडल्या आहेत. फाळणीत माणसं पाठीवर घेऊन निघाली तशा त्या ट्रंका. एकूण बारा ट्रंकांमध्ये बारा छोटे पडदे चालू आहेत. स्त्रिया काठ ताणतात, पुढे येऊ पाहतात, आणि घडी काही होत नाही. त्या दोघींच्या मधल्या जागेत आपण उभे असतो.

हे काम १९९८-९९ मधलं. मे १९९८ मध्ये आधी भारतानं आणि मग पाकिस्ताननं अणुचाचण्या केल्या, त्याला दिलेलं हे उत्तर होतं. मंटोच्या ‘टोबा टेक सिंग’ या कथेतला, लाहोरच्या वेड्यांच्या इस्पितळातला बिशनसिंग दोन देशांच्या कुंपणांमधल्या, कुणाच्याच नसलेल्या जमिनीवर कोसळतो. मालानींनी ती जमीन एका खोलीत आणली. त्यांचा जन्म १९४६ चा, कराचीचा. फाळणीनंतर कुटुंब आधी कोलकात्याला आणि मग मुंबईला आलं. ज्यानं घर सोडलं त्याला ट्रंक म्हणजे काय हे वेगळं सांगावं लागत नाही. मुंबईत हे काम मांडलं गेलं ते तेव्हाच्या प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियममध्ये, म्हणजे शाळांच्या सहली आणि गावाकडून आलेले पाहुणे जिथे हमखास जातात अशा ठिकाणी. ती निवड मला कामाइतकीच महत्त्वाची वाटते.

प्रायोगिक चित्रपट आणि व्हिडिओकला यांच्या आजच्या स्थितीबद्दल लिहायचं तर मला त्या घडीपासूनच सुरुवात करावीशी वाटते. हे काम मोबाइलवर पाहिलं तर हातात उरते ती दोन स्त्रियांची एक छोटी फीत. ते घडतं भिंती समोरासमोर असतील तेव्हा आणि मधोमध पाहणारा उभा असेल तेव्हा. म्हणजे या कलेचा कॅनव्हास ही खोलीच असते. मुंबई-पुण्याच्या परिसरात गेली पंचावन्न वर्षं ही कला सातत्यानं घडते आहे आणि करणारी माणसं कधी कमी पडलेली नाहीत. खोली मात्र दर वेळी कुणाच्या तरी मेहरबानीनं मिळाली आणि काही वर्षांत गेली. माझ्या मते या कलेचं यश आणि अपयश, दोन्हींचा हिशेब तिथेच लागतो.

प्रयोग हा आपल्याकडे बाहेरून आलेला पाहुणा नाही, हेही एकदा नीट सांगायला हवं. ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी, १९१२ मध्ये, दादासाहेब फाळक्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि त्याच्यासमोर कॅमेरा रोखून ठेवला. महिनाभराहून जास्त काळ ते फ्रेममागून फ्रेम टिपत राहिले. पडद्यावर ते रोप पाहता पाहता माती फोडून वर आलं. भांडवल देणाऱ्यांची खात्री पटावी म्हणून केलेली ती फीत होती. पण तिच्यात गोष्ट नाही, नट नाही. तिच्यात आहे तो फक्त काळ, कॅमेऱ्यानं दाबून एका मिनिटात बसवलेला. पुढे ‘आगकाड्यांची मौज’ या १९१५ च्या लघुपटात त्यांनी काडेपेटीतल्या काड्यांना एकेका फ्रेमनं हलवून नाचवलं. भारतीय चित्रपट कथेच्या आधी प्रयोगातून उगवला, तोही एका मराठी माणसाच्या घरात. नंतर कथेनं सगळं अंगण व्यापलं आणि वाटाण्याची कुंडी कोपऱ्यात गेली.

ती कुंडी पुन्हा उजेडात आणणारी पहिली ठळक खोली म्हणजे मुंबईतल्या नेपियन सी रोडवरचा अकबर पदमसी यांचा फ्लॅट. पदमसींना जवाहरलाल नेहरू फेलोशिप मिळाली होती. तो पैसा स्वतःच्या चित्रांवर खर्च करण्याचा त्यांना पूर्ण हक्क होता. त्यांनी त्यातून कॅमेरा, दिवे, प्रोजेक्टर घेतले आणि १९६९ ते १९७२ या काळात ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ चालवलं. चित्रकार, छायाचित्रकार, चित्रपट दिग्दर्शक, अगदी मनोविश्लेषकही एकाच जागी येत, एकमेकांची साधनं हाताळत. मणी कौल आणि कुमार शहानी यांचा तिथे वावर होता. पदमसींनी स्वतः ‘सिझिजी’ ही अकरा मिनिटांची मूक फीत केली. जवळजवळ हजार रेखाटनं, त्यांत फक्त रेषा आणि बिंदू, आणि त्यांना हालचाल देणारे राम मोहन. ती पाहताना चित्रकाराची रेषा कागदावर ठरायच्या आधी डोक्यात कशी पळत असेल, हे प्रत्यक्ष दिसतं.

याच खोलीत तेवीस वर्षांच्या नलिनी मालानी आल्या. त्या तिथल्या सर्वांत तरुण कलाकार. जे. जे. स्कूल ऑफ आर्टमधलं शिक्षण नुकतंच संपत होतं. त्याआधी भुलाभाई मेमोरियल इन्स्टिट्यूटमध्ये त्यांचा स्टुडिओ होता. त्या वास्तूत गायतोंडे चित्रं काढत, पंडित रविशंकरांची ‘किन्नरा’ संगीतशाळा चाले आणि विजया मेहतांच्या ‘रंगायन’च्या तालमी होत. ती वास्तू पुढे पाडली गेली. मराठी नाटकाच्या इतिहासात त्या जागेची आठवण हळहळून काढली जाते. व्हिडिओकलेच्या इतिहासातही तिची नोंद तितक्याच आपुलकीनं व्हायला हवी, कारण एका माध्यमाच्या माणसानं दुसऱ्याच्या दारात डोकावण्याची सवय तिथेच लागली.

मालानींची १९६९ ची ‘ड्रीम हाउसेस’ ही फीत त्या काळाचा भाबडा उजेड घेऊन येते. पुठ्ठ्याची छोटी इमारत करायची, रंगीत फिल्टरमधून तिच्यावर प्रकाश पाडायचा, एकेक फ्रेम टिपायची. लाल रंग निळ्यात सरकतो, भिंती पारदर्शक झाल्यासारख्या वाटतात. खाडीपलीकडे नवं शहर वसवण्याच्या कल्पना तेव्हा वास्तुरचनाकारांच्या टेबलांवर होत्या, आणि सगळ्यांना घर मिळेल यावर शिकलेल्या माणसांचा विश्वास होता. पुढे १९७६ मध्ये त्यांनी एक कृष्णधवल फीत केली. एक तरुणी उभी राहून खाली पसरलेल्या झोपड्या आणि मागे वर चढणाऱ्या इमारती पाहते. या दोन्ही फिती शेजारी-शेजारी चालवून ‘युटोपिया’ हे काम झालं. डावीकडे रंगीत स्वप्न, उजवीकडे त्या स्वप्नाकडे पाठ करून उभं असलेलं शहर. निवेदनाचा एक शब्द नाही. दोन पडद्यांमधली फट सगळं बोलते. एका पडद्यानं जे म्हणता येत नाही ते दोन पडद्यांच्या मध्ये म्हणायचं, ही मालानींची पुढची सारी रीत इथेच जन्मली.

त्या खोलीची दुसरी बाजूही सांगायला हवी. पदमसींची ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’ ही १९६९ ची फीत हरवली. तिची एकच प्रिंट होती. जवळजवळ अर्ध्या शतकानंतर, २०१६ मध्ये, आशिम अहलुवालिया यांनी वयोवृद्ध पदमसींना सोबत घेऊन त्या हरवलेल्या फितीचा शोध घेणारा चित्रपट केला, त्याच नावानं. त्यात थरथरत्या हाताचा एक थोर चित्रकार स्वतःच्या कामाची आठवण जुळवताना दिसतो. तैलचित्र हरवायला चोर लागतो, आग लागावी लागते. फीत हरवायला एखादं पार्सल पुरतं. हे कार्यशाळेचं पर्वच विस्मरणात गेलं होतं, आणि कलासमीक्षक नॅन्सी अदजानिया यांच्या लेखनानं ते पुन्हा चर्चेत आलं.

त्याच काळात, तिथून फार दूर नसलेल्या पेडर रोडवर सरकारी पैशातूनही प्रयोग चालले होते, हे आज अनेकांना खरं वाटत नाही. फिल्म्स डिव्हिजनचं काम कुटुंबनियोजन, धरणं आणि पंचवार्षिक योजनांच्या फिती काढण्याचं. पण साठच्या दशकाच्या उत्तरार्धापासून तिथे प्रमोद पती यांनी ‘एक्सप्लोरर’ आणि ‘ट्रिप’सारख्या फिती केल्या. ‘आबिद’मध्ये व्यंगचित्रकार आबिद सुरती यांना जिवंत बाहुलीसारखं एकेका फ्रेमनं हलवलं. फाळक्यांच्या काडीच्या जागी आता माणूस आला होता. एस. एन. एस. शास्त्रींनी १९६७ मध्ये ‘आय ॲम ट्वेंटी’त स्वातंत्र्याच्या वर्षी जन्मलेल्या मुलांना बोलतं केलं. एम. एफ. हुसेन यांच्या ‘थ्रू द आइज ऑफ अ पेंटर’ला त्याच वर्षी बर्लिनमध्ये लघुपटाचं सुवर्ण अस्वल मिळालं. तैयब मेहतांनी १९७० मध्ये ‘कूडल’ केला. वांद्र्याच्या कत्तलखान्यातले प्राणी त्यात असे दिसतात की त्यांच्या चित्रांतला उलटा पडलेला बैल कुठून आला हे वेगळं विचारावं लागत नाही. सरकारी खात्याच्या चार भिंतींत एखादा जाणता अधिकारी खुर्चीत असला की केवढं काम उभं राहतं, याचा हा पुरावा आहे. खुर्चीतला माणूस बदलला की ते कसं थांबतं, याचाही. २०१२ पासून काही वर्षं तिथे ‘एफडी झोन’ नावाचे विनामूल्य खेळ होत. त्या खेळांनी हा ठेवा नव्या पिढीपुढे आणला. २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजन राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली, आणि पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयही.

पुण्याच्या वाट्याला आलेली गोष्ट आपल्याला अधिक लागणारी आहे. १९७६ मध्ये फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेल्या तरुणांनी ‘युक्त’ ही सहकारी संस्था काढली आणि बँकेचं कर्ज घेऊन ‘घाशीराम कोतवाल’ केला. मणी कौल, के. हरिहरन, कमल स्वरूप आणि सईद मिर्झा ही त्यातली नावं. मूळ नाटक आणि पटकथा तेंडुलकरांची, नाना मोहन आगाशे आणि घाशीराम झालेले ओम पुरी, त्यांच्या अगदी सुरुवातीच्या चित्रपटांतला हा एक. नाटकातली माणसांची भिंत कॅमेऱ्यासमोर कशी उभी करायची, या प्रश्नाशी हा चित्रपट झुंजतो आणि सोपं उत्तर देत नाही. शेवटी तर एकच लांबलचक दृश्य न तोडता चालत राहतं. मराठीतला हा सर्वांत धाडसी चित्रप्रयोग मराठी माणसांना कित्येक वर्षं पाहायलाच मिळत नव्हता. त्याची प्रिंट टिकली ती बर्लिनच्या आर्सेनाल या संस्थेच्या संग्रहात, आणि तिथेच तिचं पुनरुज्जीवन होऊन २०१४ च्या बर्लिन महोत्सवात तो पुन्हा दिसला. पुणेरी पेशवाईवरचा मराठी चित्रपट बर्लिननं जपला. त्या लोकांचे आभार मानायचे आणि आपण मान खाली घालायची, एवढंच उरतं.

मालानींकडे परत येते, कारण नव्वदच्या दशकात त्यांनी खोलीचा प्रश्न स्वतःच्या हातात घेतला. मधली वर्षं त्या मुख्यतः रंगवत होत्या. १९९२ मध्ये मुंबईच्या गॅलरी केमोल्डमध्ये त्यांनी ‘सिटी ऑफ डिझायर्स’ मांडलं. चित्रं थेट भिंतींवर काढली आणि प्रदर्शन संपल्यावर त्यांवर चुना फिरवला. नाथद्वाऱ्याच्या भित्तिचित्रांची हेळसांड होत होती, तिच्याकडे बोट दाखवणारं ते काम होतं. त्याच वर्षाच्या शेवटी बाबरी पडली आणि मुंबई पेटली. चौकटीतलं, विकत घेऊन दिवाणखान्यात टांगायचं चित्र या अनुभवाला पुरेना. १९९३ चं ‘मेडियाप्रोजेक्ट’ अभिनेत्री अलकनंदा समर्थ यांच्यासह मॅक्सम्युलर भवनात झालं. त्यात नट, चित्र, व्हिडिओ आणि जागा एकमेकांत मिसळून गेले. पाहणाऱ्यानं चित्रासमोर उभं राहण्याऐवजी चित्राच्या आत यावं, ही मागणी तिथून पक्की झाली.

आणि मग आल्या सावल्या. मालानींच्या छायाखेळांची रचना जवळून पाहण्यासारखी आहे. मायलर नावाच्या पारदर्शक प्लास्टिकचं मोठं नळकांडं, माणसाच्या उंचीच्या आसपासचं. त्याच्या आतल्या बाजूनं चित्रं रंगवलेली. ही उलटी रीत त्यांनी भूपेन खख्खर यांच्याकडून उचलली. काचेच्या मागून रंगवायचं म्हणजे क्रम उलटा. डोळ्यांतली बुबुळं आधी, डोळा नंतर, चेहरा त्याच्याही नंतर, पार्श्वभूमी सर्वांत शेवटी. चुकलं तर झाकायला वर दुसरा रंग मारता येत नाही. जुन्या वाड्यांतून आणि देवळांतून अशी काचचित्रं आपणही पाहिली आहेत. अशी नळकांडी छतापासून टांगलेली, छोट्या मोटरवर संथ फिरणारी. पलीकडून प्रोजेक्टरचा झोत येतो तो त्या फिरत्या चित्रांतून जाऊन भिंतीवर पडतो. त्यामुळे भिंतीवर व्हिडिओ असतो, त्याच्यावरून चित्रांच्या रंगीत सावल्या सरकत असतात, आणि खोलीत चालणाऱ्या माणसाची काळी सावलीही त्यात जाऊन मिसळते. एखादी धावणारी मुलगी भिंतीवरून फिरत येते आणि क्षणभर तुमच्या खांद्यावरून पुढे जाते. तुम्ही बाजूला झालात तरी ती जातेच.

‘इन सर्च ऑफ व्हॅनिश्ड ब्लड’ हे यातलं सर्वांत गाजलेलं काम. २०१२ च्या कासेलमधल्या डॉक्युमेंटा या प्रदर्शनासाठी केलेलं. सहा व्हिडिओ झोत आणि पाच फिरती नळकांडी. फैज यांची नज्म, महाश्वेता देवींची द्रौपदी, क्रिस्टा वुल्फची कॅसँड्रा हे सारे आवाज एका स्त्रीच्या गुंडाळलेल्या चेहऱ्यावर येऊन आदळतात. कॅसँड्राला भविष्य दिसतं आणि तिच्यावर कुणी विश्वास ठेवत नाही. मालानींच्या साऱ्या कामातली स्त्री हीच आहे. २००५ मध्ये व्हेनिसला मांडलेल्या ‘मदर इंडिया’तही तीच होती. समाजशास्त्रज्ञ वीणा दास यांच्या निबंधातून सुचलेलं, पाच पडद्यांवर पसरलेलं ते काम फाळणीतल्या आणि २००२ च्या गुजरातमधल्या स्त्रियांच्या देहांवर राष्ट्राच्या खुणा कशा उमटल्या ते दाखवतं. आणि त्याआधी, २००३ च्या ‘युनिटी इन डायव्हर्सिटी’त, त्यांनी राजा रविवर्म्याच्या वाद्यं वाजवणाऱ्या अकरा स्त्रियांना एका मध्यमवर्गीय दिवाणखान्यात आणलं. रविवर्म्याचे छापील देव ज्या भिंतींवर टांगले जात तसाच तो दिवाणखाना. एकात्मतेचं ते गोड चित्र आपल्या डोळ्यांसमोर रक्तानं माखतं. आपल्या आजीच्या घरातली भिंत आठवली की हे काम परकं उरत नाही.

छायाखेळ पाहताना मला दर वेळी पिंगुळी आठवते. सिंधुदुर्गातल्या त्या गावचा ठाकर समाज पिढ्यान्‌पिढ्या चित्रकथी सांगतो. पोथीतलं एकेक चित्र पुढे करत कथा गायची, आणि चामड्याच्या बाहुल्यांच्या रंगीत सावल्या पडद्यावर खेळवायच्या. परशुराम गंगावणे यांना २०२१ मध्ये पद्मश्री मिळाली ती याच परंपरेसाठी. मालानींनी पिंगुळीतून काही घेतलं असं माझं म्हणणं नाही. माझं म्हणणं पाहणाऱ्याबद्दल आहे. रंगीत सावलीतून कथा वाचण्याची सवय आपल्या मातीत आहे. तेव्हा ‘व्हिडिओकला आमच्या लोकांना कळणार नाही’ हे वाक्य मला मान्य नाही. दिव्यासमोर चित्र फिरलं की काय पाहायचं ते आपल्याला कळतं.

मालानींच्या कामावर माझे दोन आक्षेप आहेत. पहिला संदर्भांच्या गर्दीचा. ग्रीक शोकांतिका, जर्मन नाटककार, उर्दू कवी, बंगाली कथा हे सारं एकाच अकरा मिनिटांच्या आवर्तनात आलं की शेजारच्या भिंतीवरचं माहितीपत्रक वाचल्याशिवाय पाहणाऱ्याला अपराधी वाटू लागतं. सावली त्याच्या अंगावरून जाते तेव्हा त्याला सगळं पोचलेलं असतं, आणि नावांची यादी ते पोचणं पुसू लागते. दुसरा आक्षेप सौंदर्याचा. फिरते रंग इतके मोहक असतात की हिंसेची दाहकता कधीकधी त्यांत विरते. भिंतीवर मोरपंखी निळा पसरला की खालचं प्रेत शोधावं लागतं. याचं उत्तर त्यांनी स्वतःच पुढे दिलं, असं मला वाटतं. सत्तरी ओलांडल्यावर त्या आयपॅडवर बोटानं चित्रं काढू लागल्या, आणि त्या झटपट रेघोट्यांची हलती चित्रं झाली. २०२० मध्ये लंडनच्या व्हाइटचॅपल गॅलरीत ‘कॅन यू हिअर मी?’ या नावानं अशी ८८ हलती चित्रं विटांच्या भिंतींवर एकमेकांत घुसत खेळत होती. कठुआच्या आठ वर्षांच्या मुलीवरचा अत्याचार या कामाच्या मुळाशी आहे. इथे मोरपंखी काही नाही. पाटीवर पेन्सिलीनं ओढल्यासारखी रेघ आहे, आणि ऐकू येतंय का हा प्रश्न. माझ्या मते हे त्यांचं सर्वांत थेट काम. २०१९ चं होआन मिरो पारितोषिक आणि २०२३ चं क्योतो पारितोषिक त्यांना मिळालं, याचा आनंद आहेच. पण त्यांची मोठी कामं कासेल, व्हेनिस, पॅरिस, लंडनला जितक्या सहज दिसली तितक्या सहज दादर, नाशिक किंवा सांगलीच्या माणसाला कधीच दिसली नाहीत.

पुढच्या पिढ्यांनी खोलीचा प्रश्न आपापल्या परीनं सोडवून पाहिला. आशिष अविकुंठक हे पुण्याच्या डेक्कन कॉलेजात पुरातत्त्व शिकलेले. त्यांनी १९९७ मध्ये चौपाटीवर गणेशमूर्तीचं विसर्जन करणाऱ्या आपल्या चित्रकार मित्राचं चित्रीकरण केलं. वर्षभरानं त्या मित्रानं आत्महत्या केली. ते रीळ अविकुंठकांनी बारा वर्षं जवळ ठेवलं आणि २०१० मध्ये ‘वक्रतुंड स्वाहा’ पूर्ण केला. मूर्ती पाण्यात जाते, माणूस जातो, आणि पुढच्या वर्षी लवकर या म्हणण्याची सोय माणसाच्या बाबतीत उरत नाही. विसर्जनावर आपल्याकडे इतकं काही चित्रित झालं आहे, पण इतका खोल शोक त्यातून कुणी काढलेला मला माहीत नाही.

‘कॅम्प’ या गटानं तर खोलीची कल्पनाच बदलली. शायना आनंद, संजय भांगर आणि अशोक सुकुमारन यांनी २००७ मध्ये सुरू केलेला हा गट खारच्या चुईम गावात काम करी आणि गच्चीवर पडदा बांधून चित्रपट दाखवी. त्यांच्या ‘फ्रॉम गल्फ टू गल्फ टू गल्फ’मध्ये कच्छपासून इराणपर्यंतच्या खलाशांनी आपल्या मोबाइलवर टिपलेली दृश्यं आहेत. बोटीवर चढवलेल्या शेळ्या, रात्रीचं गाणं, जळणारं जहाज. कॅमेरा ज्याच्या हातात, कथा त्याची, हे तिथे प्रत्यक्षात उतरलं आहे. २०२२ च्या ‘बॉम्बे टिल्ट्स डाउन’मध्ये मध्य मुंबईतल्या एका पस्तीस मजली इमारतीवर बसवलेला सीसीटीव्ही कॅमेरा आकाशातून हळूहळू खाली झुकतो. काचेचे मनोरे, मग गिरण्यांची जमीन, मग चाळी, मग पत्रे, मग रस्त्यावरचा माणूस. पाळत ठेवणाऱ्या यंत्राला त्यांनी शहराकडे बघायला शिकवलं. २०२५ मध्ये न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टमध्ये त्यांच्या कामाचं प्रदर्शन झालं. त्याहून मोठी गोष्ट माझ्या लेखी अशी की २००८ पासून ‘पॅड डॉट एमए’ या संग्रहातून या मंडळींनी असंख्य तासांचं कच्चं चित्रीकरण कुणालाही पाहता येईल असं खुलं ठेवलं आहे. गॅलरीत व्हिडिओ मोजक्या प्रतींत विकला जातो, कारण दुर्मिळतेशिवाय किंमत येत नाही. कलाकाराला जगायचं असतं, त्यामुळे त्याला मी दोष देत नाही. पण जी कला हजार भिंतींवर एकाच वेळी उमटू शकते तिला पाच प्रतींत कोंडणं हे तिच्या स्वभावाविरुद्ध आहे, आणि ‘कॅम्प’नं ते कामातून दाखवून दिलं.

आणि पायल कपाडिया. त्या मालानींच्या कन्या, पुण्याच्या इन्स्टिट्यूटमध्ये घडलेल्या. त्यांचा २०१८ चा मराठी लघुपट ‘अँड व्हॉट इज द समर सेइंग’ भीमाशंकरच्या रानातल्या एका गावात घडतो. बाया हळू आवाजात आपल्या हरवलेल्या प्रेमांबद्दल बोलतात आणि कॅमेरा त्यांच्या तोंडाकडे न बघता धुक्याकडे, झाडांकडे बघतो. २०२१ च्या ‘अ नाइट ऑफ नोइंग नथिंग’ची सुरुवातच वसतिगृहाच्या खोलीत सापडलेल्या पत्रांपासून होते. २०१५ च्या विद्यार्थी संपाची दृश्यं आणि ती पत्रं एकमेकांत गुंफून हा चित्रपट उभा राहतो. कान महोत्सवात त्याला सर्वोत्तम माहितीपटाचा सुवर्णनेत्र मिळाला. २०२४ मध्ये ‘ऑल वी इमॅजिन ॲज लाइट’नं तिथे ग्रां प्री जिंकलं. लोक त्याला कथापट म्हणून पाहतात आणि तो आहेही. पण त्याचा आरंभ प्रयोगाचा आहे. रात्रीची मुंबई चालत्या गाडीतून दिसते आणि कुठल्या कुठल्या गावांतून आलेल्या माणसांचे आवाज त्यावर तरंगतात. त्यात छाया कदम यांची पार्वती आहे, इस्पितळात स्वयंपाक करणारी, कोकणातली. नवऱ्यामागे खोलीचे कागद सापडत नाहीत म्हणून बिल्डर तिला बाहेर काढतो. इतकी वर्षं राहिल्याचा पुरावा काय, असं तिला विचारलं जातं, आणि तिच्याकडे दाखवायला काही नसतं.

पार्वतीकडे पाहताना ही सगळी कला माझ्या डोळ्यांसमोर आली. या शहरात तीही किती वर्षं राहते आहे, तिच्याकडेही कागद नाहीत. नेपियन सी रोडचा फ्लॅट, भुलाभाईची वास्तू, पेडर रोडचं सभागृह, चुईमची गच्ची यांतल्या कुठल्याच ठिकाणी ती मालकीहक्कानं राहिली नाही. हरवलेली प्रिंट आणि बर्लिनमध्ये टिकलेला ‘घाशीराम’ हे त्याचेच परिणाम. मराठी समीक्षेनंही तिला दारात उभं केलं. चित्रपटाची समीक्षा करणाऱ्यांना ती गॅलरीतली वाटली, चित्रकलेवर लिहिणाऱ्यांना पडद्यावरची. त्यामुळे मराठीत तिच्यावर सलग लेखन झालं नाही. जिच्याबद्दल लिहिलं जात नाही तिच्यासाठी कुणी भिंतही रिकामी करत नाही.

जपणूक हा तर याहून तातडीचा प्रश्न आहे. सोळा मिलिमीटरचं रीळ नीट ठेवलं तर पिढ्या टिकतं. नव्वदच्या दशकातल्या चुंबकीय टेपा आज वाचायला यंत्र मिळत नाही, आणि मिळालं तर त्याचा सुटा भाग मिळत नाही. मांडणी असेल तर फीत जपूनही भागत नाही. झोत किती उंचीवरून यायचा, नळकांडं किती वेगानं फिरायचं, खोली किती काळोखी हवी, दोन भिंतींत किती पावलांचं अंतर हवं, हे सारं कुणीतरी लिहून ठेवायला लागतं. पिंगुळीत हे ज्ञान बाप मुलाच्या हातात देतो. व्हिडिओकलेत ते देणारी संस्था लागते. चित्रपट संग्रहालय फीत सांभाळतं, कलासंग्रहालय वस्तू सांभाळतं, आणि जे या दोन्हींच्या मध्ये आहे ते अजूनही मध्येच आहे.

मी फार मोठं काही मागत नाही. महाराष्ट्रात गावोगावी सार्वजनिक वाचनालयं आहेत, नगरपालिकांची सभागृहं आहेत, कलामहाविद्यालयं आहेत. त्यांतल्या प्रत्येकात एक खोली अशी हवी की जिच्या दोन समोरासमोरच्या भिंती पांढऱ्या असतील, खिडक्यांना जाड काळे पडदे असतील आणि दोन प्रोजेक्टर असतील. खर्च एखाद्या वार्षिक स्नेहसंमेलनाच्या मांडवाइतका. फिल्म्स डिव्हिजनचा ठेवा जनतेच्या पैशातून झालेला आहे, तो तिथे दाखवता येईल. कलाकारांना विनंती केली तर बरेच जण आपली कामं आनंदानं देतील, कारण पाहणारा नसला तर ही कला पूर्णच होत नाही. दृश्यकलेच्या विद्यार्थ्यानं पदमसींची धावती रेषा पाहावी, नाटक करणाऱ्यानं ‘घाशीराम’चं ते न तुटणारं दृश्य पाहावं, आणि गावातल्या बायांनी एखाद्या दुपारी येऊन समोरासमोरच्या भिंतींवरच्या त्या दोघींना साडी ताणताना पाहावं. त्यांना कुठल्याही माहितीपत्रकाची गरज पडणार नाही. घडी का होत नाही हे त्या एका नजरेत ओळखतील, आणि त्यातली एखादी नकळत हात पुढे करील.